‘अमेरिका कधीच बदलत नाही’ या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. खाली दोन ओळींत उत्तर टाकून मोकळं व्हावं असं वाटलं होतं, पण तुम्ही मनापासून आणि सविस्तर लिहिलंय, त्यामुळे मीही नीट लिहितो.

बाकीच्यांसाठी आधी थोडक्यात सांगतो. मागच्या लेखात मी म्हटलं होतं की अमेरिकेचं भारताबद्दलचं धोरण गेल्या साठ-सत्तर वर्षांत तीन-चार वेळा पार उलटंपालटं झालं आणि २००५ ते २००८ मध्ये झालेला भारत-अमेरिका अणुकरार ही त्यातली सगळ्यात मोठी उलथापालथ. त्यावर तुमचं म्हणणं असं, की अमेरिकेचं धोरण एकच, स्वार्थ, ते कधी बदललेलं नाही आणि बदलणार नाही, बाकी सगळा देखावा. दुसरं, मी सगळं श्रेय बुश यांच्या पदरात टाकलं. तिसरं, ऑगस्ट २०२५ मध्ये आपल्या मालावर ५० टक्के टॅरिफ बसल्यावरसुद्धा कोणी असं लिहीत असेल तर त्याच्या डोळ्यांवर पट्टी आहे. आणि शेवटी तुम्ही लिहिलंत की तुमचे वडील १९७१ ला नौदलात होते, विशाखापट्टणमला, आणि ‘एंटरप्राइज येतंय’ ही अमेरिकन विमानवाहू नौकेची बातमी त्यांनी जन्मात विसरली नाही.

दुसरा मुद्दा आधी घेतो, कारण तो मला मान्य आहे. मी २००५ पासूनच सुरुवात केली, जणू काही १८ जुलैला मनमोहन सिंग वॉशिंग्टनला गेले आणि बुश यांनी उठून दार उघडलं. तसं झालेलं नाही. १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर क्लिंटन सरकारने निर्बंध लादले आणि त्याच सरकारचे परराष्ट्र उपमंत्री स्ट्रोब टॅलबट आपल्या जसवंत सिंगांना पुढची दोन-अडीच वर्षं भेटत राहिले, चौदा वेळा. जानेवारी २००४ मध्ये वाजपेयी सरकारबरोबर पुढच्या पायऱ्या ठरल्या, मग कुठे २००५. हे सगळं मी गाळलं ही माझी चूक, आणि त्यामुळे तो लेख एका माणसाच्या मर्जीची गोष्ट झाला. मूळ लेखात दुरुस्ती करतो.

पण पहिला मुद्दा मात्र मी अजिबात मान्य करणार नाही, त्याबद्दल जरा सविस्तर.

स्वार्थ आहे ना, कोण नाही म्हणतंय. पण शेतकऱ्याला पाऊस हवा असतो हे बारा महिने तेरा काळ खरं आहे, त्यावरून या वर्षी पेरणी कधी करायची ते कळतं का? अमेरिका स्वार्थ बघते हे वाक्य १९६३ लाही खरं, १९७८ लाही खरं, २००८ लाही खरं, आणि त्या तिन्ही वर्षी अमेरिका भारताच्या अणुऊर्जेच्या एकाच प्रश्नावर तीन वेगवेगळ्या गोष्टी करत होती. मग त्या वाक्याने आपल्याला सांगितलं काय? बघायचं असतं ते हे, की त्या त्या वेळी तिथल्या माणसांना सगळ्यात जास्त भीती कशाची वाटत होती. ती भीती बदलली की स्वार्थाचा अर्थ बदलतो आणि धोरण फिरतं.

उदाहरण घ्यायला लांब जायला नको. तारापूरचं अणुवीज केंद्र घ्या.

माझे मामा बोईसरला राहायचे, प्लांटमध्ये मेंटेनन्सला होते. लहानपणी मे महिन्यात आम्ही पंधरा-पंधरा दिवस त्यांच्याकडे असायचो. संध्याकाळी मामांचे शेजारी ओट्यावर यायचे, मामी चहा आणायची, आणि बोलणं कुठूनही सुरू झालं तरी फिरून एकाच ठिकाणी यायचं, फ्युएल आलं का, फ्युएल कोण देणार. आम्हा पोरांना वाटायचं फ्युएल म्हणजे रॉकेलसारखं काहीतरी, टँकर येत नसेल. तो टँकर वॉशिंग्टनमध्ये अडकलाय हे पुष्कळ वर्षांनी कळलं आणि तेव्हापासून या विषयाने मला सोडलं नाही, इतकं खरं.

तर ऑगस्ट १९६३ मध्ये भारत आणि अमेरिकेचा करार झाला. जनरल इलेक्ट्रिकने दोन अणुभट्ट्या उभ्या करून द्यायच्या, त्यासाठी अमेरिकेनेच स्वस्त कर्ज द्यायचं आणि तीस वर्षं समृद्ध युरेनियमही अमेरिकाच पुरवणार. ऑक्टोबर १९६९ पासून रीतसर वीज सुरू झाली, महाराष्ट्राला आणि गुजरातला. भारतातलं हे पहिलं अणुवीज केंद्र, आणि ते अमेरिकेने बांधून दिलेलं. का दिलं असेल? १९६२ ला चीनने आपल्याला मारलं होतं, चीन अणुबॉम्बच्या मागे लागलाय हे सगळ्यांना दिसत होतं (ऑक्टोबर १९६४ ला त्याने तो फोडलाही), आणि आशियातल्या लोकांना विकास हवा असेल तर माओच्या वाटेनेच जावं लागतं असं नाही हे जगाला दाखवायला अमेरिकेला भारत हवा होता. तेव्हाची सगळ्यात मोठी भीती कम्युनिझम. त्या भीतीतून तारापूर उभं राहिलं.

मग १८ मे १९७४, पोखरण. त्यातलं प्लुटोनियम तारापूरचं नव्हतं, ते आपल्या ट्रॉम्बेच्या सायरस भट्टीतलं. सायरस कॅनडाने दिलेली आणि तिच्यातलं जड पाणी अमेरिकेचं, शांततेच्या वापरासाठी म्हणून दिलेलं. वॉशिंग्टनमध्ये याचा जो धसका बसला तो आपल्याकडे नीट पोचलाच नाही, आपण पेढे वाटण्यात होतो. तिथल्या खासदारांना दिसलं की आपणच दिलेल्या मालातून एक गरीब देश बॉम्बपर्यंत पोचला, आता उद्या आणखी वीस पोचतील. भीतीची जागा बदलली. मार्च १९७८ मध्ये कायदा झाला की जो देश आपल्या सगळ्या अणुकेंद्रांची आंतरराष्ट्रीय तपासणी करू देणार नाही त्याला इंधन द्यायचं नाही, आणि तो जुन्या करारांनाही लागू, दोन वर्षांची मुदत. म्हणजे तीस वर्षांचा शब्द पंधराव्या वर्षी मोडला.

इथे तुम्ही म्हणाल, बघा, विश्वासघात. हो, विश्वासघातच होता, मी त्याला दुसरं नाव देणार नाही. पण त्याच वेळचा एक प्रसंग सांगतो. जानेवारी १९७८ मध्ये कार्टर दिल्लीला आले होते. त्यांची आई लिलियन कार्टर साठीच्या दशकात पीस कोअर या अमेरिकन स्वयंसेवक योजनेतून आपल्या विक्रोळीला येऊन राहिलेली, जवळजवळ दोन वर्षं, दवाखान्यात काम करायची. म्हणजे भारताबद्दल घरातूनच माया असलेला हा अध्यक्ष. संसदेत त्यांनी तारापूरला इंधनाची पुढची खेप देतो असं सांगितलंही. आणि पंतप्रधान मोरारजींशी बोलणं झाल्यावर कार्टर त्यांच्या परराष्ट्रमंत्र्यांशी, व्हान्स यांच्याशी, हळू आवाजात बोलत होते, पत्रकारांचा माइक चालू आहे हे लक्षात आलं नाही, आणि जगाने ऐकलं की परत गेल्यावर यांना आणखी एक पत्र लिहू, थंड आणि अगदी रोखठोक. मोरारजींबद्दल महाराष्ट्राच्या मनात काय आहे ते मला ठाऊक आहे, एकशे सहा हुतात्मे आपण विसरलेलो नाही. पण या बाबतीत माणूस ताठ उभा राहिला. बॉम्ब त्यांना स्वतःला नकोच होता, तरी बड्या देशांना एक नियम आणि आम्हाला दुसरा, अशी तपासणी मी घेणार नाही म्हणाले आणि त्यावरून हलले नाहीत.

आता यापुढचं नीट बघा, कारण माझा सगळा मुद्दा इथेच आहे. त्या कायद्यावर मार्च १९७८ मध्ये सही कोणी केली? कार्टर यांनी. मुदत संपल्यावर मे १९८० मध्ये त्यांच्याच अणु नियामक आयोगाने एकमताने सांगितलं की तारापूरला इंधन देता येत नाही. आणि जूनमध्ये कार्टर यांनीच आयोगाला बाजूला सारून इंधन द्यायचा आदेश काढला! तोच माणूस, तोच प्लांट, मधे फक्त दोन वर्षं. प्रतिनिधीगृहाने २९८ विरुद्ध ९८ मतांनी आदेश फेटाळला, सिनेटमध्ये तो ४८ विरुद्ध ४६ ने तरला. दोन मतांनी. दोन्ही सभागृहांनी फेटाळला असता तरच तो पडणार होता, त्यामुळे त्या दोन मतांवर मामांच्या ओट्यावरची चर्चा ठरली.

मधे काय झालं होतं? डिसेंबर १९७९ ला रशियन फौजा अफगाणिस्तानात घुसल्या होत्या. जुनी भीती परत आली आणि नव्या भीतीवर चढून बसली. पण नव्या भीतीचा कायदा मात्र पुस्तकात तसाच राहिला, ही दुसरी गोष्ट आपण नेहमी विसरतो. अमेरिकेत भीती बदलते चुटकीसरशी, पण आधीच्या भीतीने केलेले कायदे जात नाहीत, ते थरावर थर साचत राहतात आणि पुढच्या अध्यक्षाला त्यातून वाट काढावी लागते. रेगन यांनी काढलीच. १९८२ मध्ये इंदिराबाई वॉशिंग्टनला गेल्या तेव्हा ठरलं की इंधन फ्रान्स देईल. कायदाही मोडला नाही आणि भारतही तोडला नाही. पुढे नव्वदच्या दशकात हेच इंधन चीनने दिलं, होय चीनने, आणि २००१ मध्ये रशियाने. कम्युनिझम नको म्हणून जो प्लांट उभा केला त्याला शेवटी चीन आणि रशिया युरेनियम देतात, यावर काय बोलावं.

पाकिस्तानचंही तसंच. एप्रिल १९७९ मध्ये कहुताच्या अणुकामामुळे अमेरिकेने पाकिस्तानची मदत बंद केली. रशियन आल्यावर कार्टर यांनी ४० कोटी डॉलर देऊ केले तर तिथले लष्करशहा झिया म्हणाले हे तर शेंगदाणे आहेत, म्हणजे चिल्लर, आणि १९८१ मध्ये रेगन यांच्याकडून ३२० कोटींचं पॅकेज घेतलं, वर एफ-१६ विमानं. मग अमेरिकन काँग्रेसने अट घातली की पाकिस्तानकडे बॉम्ब नाही असं अध्यक्षांनी दर वर्षी लिहून द्यायचं. दर वर्षी लिहून दिलं गेलं. फेब्रुवारी १९८९ मध्ये शेवटचा रशियन सैनिक आमू दर्या ओलांडून परत गेला आणि ऑक्टोबर १९९० मध्ये ते प्रमाणपत्र मिळालं नाही, मदत बंद, विमानं अडकली. पाकिस्तानचा कार्यक्रम काही त्या दीड वर्षात सुरू झाला नव्हता. बघणाऱ्याची नजर बदलली होती. तुम्ही म्हणाल हाच तर स्वार्थ. बरोबर. पण हा स्वार्थ ज्याला १९८९ च्या फेब्रुवारीत वाचता आला असता त्याला ऑक्टोबर १९९० चा अंदाज आधीच आला असता, आणि ‘अमेरिका कधी बदलत नाही’ म्हणत बसला तो झोपेत सापडला. रावळपिंडीत, पाकिस्तानी लष्कराच्या मुख्यालयात, नेमकं तेच झालं.

धान्याचं फार लांबवत नाही, पण एक सांगायलाच हवं. पीएल ४८० चा, म्हणजे अमेरिकेच्या धान्यमदतीच्या कायद्याखालचा, रुपयांत विकत मिळणारा गहू १९५६ पासून यायला लागला तेव्हा तिकडे गव्हाची कोठारं ओसंडत होती, त्यांच्या शेतकऱ्याची सोय आणि आपल्या पोटाची सोय एकत्र बसली. १९६५-६६ च्या दुष्काळात तोच गहू जॉन्सन यांनी हात आखडता घेऊन, एकेक महिन्याचा हिशोब बघत सोडला, कारण व्हिएतनाम युद्धावरून आपण अमेरिकेला बोल लावत होतो आणि शेतीवर आपण पुरेसा खर्च करत नाही असंही त्यांचं म्हणणं होतं. आई बाहत्तरच्या दुष्काळातली मिलोची, म्हणजे अमेरिकेतून आलेल्या लाल ज्वारीची, भाकरी अजून सांगते, लालसर पीठ, थापता थापता कडा फाटायच्या, आणि आजोबा ताटावर बसल्यावर एक शब्द बोलायचे नाहीत. परक्याच्या धान्यावर जगणं म्हणजे काय हे ती पिढी जाणून होती, तुमच्या रागाचं मूळ तिथेही असेल आणि त्या रागाचा मला आदरच आहे. पण त्याच पीएल ४८० च्या साठलेल्या रुपयांतून अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने १९६२ पासून भारतीय भाषांतली पुस्तकं विकत घेऊन तिकडच्या विद्यापीठांत पाठवली, मराठीसुद्धा. इथे रद्दीत गेलेलं मराठी पुस्तक तिकडच्या कपाटात सापडतं ते त्यामुळे. आणि फेब्रुवारी १९७४ मध्ये त्या रुपयांपैकी १,६६४ कोटींचा चेक अमेरिकेच्या राजदूताने आपल्या सरकारला परतही दिला, पोखरणच्या तीनच महिने आधी.

आता २००५ ते २००८. भीती कोणती होती? चीन. २००१ च्या डिसेंबरात चीन जागतिक व्यापार संघटनेत आला तेव्हा अमेरिकेत बऱ्याच जणांना वाटत होतं की व्यापार वाढला की चीन आपोआप मवाळ होईल, आणि पुढच्या काही वर्षांत काहींना तरी शंका यायला लागली. भारत मोठा झाला तर आपलं बरं, असं तिथे उघड बोललं जाऊ लागलं. पण १९७८ चा थर होताच. म्हणून आधी २००६ च्या डिसेंबरात भारतापुरती सूट देणारा वेगळा कायदा करावा लागला, मग सप्टेंबर २००८ मध्ये अणुपुरवठादार देशांच्या गटाकडून सवलत घ्यावी लागली. हा गट मुळात आपल्याच १९७४ च्या स्फोटानंतर जमलेला! मग ऑक्टोबरात सही. तीन वर्षं गेली एका घोषणेचा करार व्हायला. आणि सिनेटचं मतदान बघा, २००६ ला ८५ विरुद्ध १२, बाजूने मत देणाऱ्यांत ओबामा, बायडेन, हिलरी क्लिंटन सगळे. त्यामुळे रिपब्लिकन आले की आपलं भलं आणि डेमोक्रॅट आले की वाईट, हा जो खाली दुसऱ्या एकांनी मुद्दा लिहिलाय तोही टिकत नाही. तारापूरचा करार केनेडींच्या काळातला आणि एंटरप्राइज पाठवलं निक्सननी.

या सगळ्यात आपली बाजूही होती हे विसरू नका. अनिल काकोडकर तेव्हा अणुऊर्जा आयोगाचे अध्यक्ष. ब्रीडर भट्ट्या, म्हणजे जळतं त्याहून जास्त इंधन तयार करणाऱ्या भट्ट्या, तपासणीखाली जाणार नाहीत यावर ते अडून बसले, जाहीरपणे बोलले, आणि मार्च २००६ मध्ये जी वाटणी ठरली तिच्यात बावीसपैकी चौदा भट्ट्या तपासणीखाली गेल्या, ब्रीडर बाहेरच राहिल्या. समोरच्याला आपली गरज आहे हे ओळखल्याशिवाय असं अडता येत नाही. मोरारजी १९७८ मध्ये तितकेच ताठ होते पण तेव्हा समोरच्याला गरज नव्हती, म्हणून त्यांच्या हाती काही लागलं नाही. धोरण कधी फिरतंय ते बघत राहायचं ते याच्यासाठी. (आणि करार होऊनही त्यातून एकसुद्धा नवी अमेरिकन अणुभट्टी भारतात अजून उभी राहिली नाही. भोपाळ लक्षात ठेवून आपल्या संसदेने २०१० मध्ये भरपाईचा कायदा केला, पुरवठादारालाही जबाबदार धरणारा, त्यावर अमेरिकन कंपन्या अडल्या. म्हणजे थर आपल्याकडेही साचतात.)

टॅरिफ. तुम्हाला वाटतं की त्यामुळे माझं म्हणणं खोटं पडलं. मला वाटतं ते त्यामुळे पक्कं झालं. युक्रेन युद्धानंतर आपण रशियन तेल घ्यायला लागलो तेव्हा अमेरिकेने ते चालवून घेतलं, जगात तेलाचे भाव भडकू नयेत म्हणून भारताने ठरावीक किमतीच्या आत घेतलेलं त्यांना हवंच होतं, त्यांचे दिल्लीतले राजदूत २०२४ मध्ये तसं बोललेही. आणि ऑगस्ट २०२५ मध्ये त्याच तेलाचं कारण देऊन आधीच्या २५ टक्क्यांवर आणखी २५ टक्के चढवले. काही बदलतच नसतं तर हे झालं कसं? तेल तेच, घेणारे आपण तेच. तिकडे आता कारखाने गमावलेल्या गावांतला मतदार आणि व्यापारातली तूट ही भीती वर आली होती, त्यात चीनविरुद्धचा मित्र वगैरे मागे पडलं. कोळंबीवाल्यांचं, कापडवाल्यांचं, सीप्झमधल्या दागिन्यांच्या कारागिरांचं यात जे झालं त्याचा मलाही तुमच्याइतकाच राग आहे. अमेरिकेवर प्रेम करा असं मी कुठेच लिहिलेलं नाही. तिच्याकडे टक लावून बघत राहा, असं लिहिलंय.

आणि नुसत्या अध्यक्षाकडे नको. २०१७ मध्ये अमेरिकन काँग्रेसने कायदा केला की रशियाकडून मोठी शस्त्रं घेणाऱ्यावर निर्बंध. आपण ऑक्टोबर २०१८ मध्ये एस-४०० या रशियन हवाई संरक्षण क्षेपणास्त्रांचा करार केला. तुर्कस्तानने तेच घेतलं, त्याच्यावर डिसेंबर २०२० मध्ये निर्बंध आले, आपल्यावर आले नाहीत. पण म्हणून तो धोका टळला असं मी धरत नाही. १९७८ च्या कायद्याने तारापूरचं काय केलं ते आपण पाहिलंय.

आता तुमच्या वडिलांबद्दल, आणि हे मी वाद म्हणून लिहीत नाही. डिसेंबर १९७१ मध्ये एंटरप्राइज बंगालच्या उपसागरात आलं ते आपल्याला धमकवायलाच, त्यात शंका नाही. ढाक्यातले अमेरिकेचे वाणिज्यदूत आर्चर ब्लड मार्चअखेरपासून कळवत होते की इथे पाकिस्तानी लष्कराने कत्तल चालवलीय, निक्सन आणि किसिंजर यांनी ते ऐकून न ऐकल्यासारखं केलं, कारण जुलैत किसिंजर पाकिस्तानातूनच गुपचूप पेकिंगला (आताचं बीजिंग) गेले होते आणि चीनचं ते दार त्यांना काहीही करून उघडं ठेवायचं होतं. नऊच वर्षांपूर्वी चीनने आपल्यावर हल्ला केला तेव्हा याच अमेरिकेची विमानं आपल्यासाठी शस्त्रं घेऊन उतरली होती. आणि सप्टेंबर २००७ मध्ये त्याच बंगालच्या उपसागरात मलबार सराव झाला, अमेरिकेच्या निमिट्झ आणि किटी हॉक या दोन विमानवाहू नौका, शेजारी आपली विराट, बरोबर जपान, ऑस्ट्रेलिया, सिंगापूर. आपल्या डाव्या पक्षांनी त्याविरुद्ध मोर्चे काढले होते, आठवत असेल.

वडील तेव्हा निवृत्त झाले असतील, पण बातम्या बघत असणारच. त्या पाण्यात अमेरिकन विमानवाहू नौका आपल्या नौकेबरोबर चाललीय हे बघून त्यांना काय वाटलं, हे मला खरंच जाणून घ्यायचंय. विचारता आलं तर विचारा आणि इथेच लिहा, त्यांच्या शब्दांत लिहिलंत तर फारच चांगलं.